मास्तर गप्प बसले तेव्हा

"एक विचारू?" खुर्चीत बसलेल्या मास्तरांनी, वर्गातली पोरं करतात तसा, हात वर केला.

"मास्तर, बोलायचं नाही असं ठरलंय आपलं," मी कॅमेऱ्यामागून म्हणाले.

"बोलतोय कुठं? विचारतोय."

"विचारणं म्हणजे बोलणंच झालं."

"बरं. मग नुसता हात वर केलेला चालतोय?"

कोपऱ्यात हेडफोन लावून बसलेल्या प्रभंजनने सुस्कारा सोडला. तो आमचा साउंडवाला. नाव प्रभंजन, पण दिवसभरात त्याच्या तोंडून वाऱ्याची झुळूकही बाहेर पडायची नाही. शांतता हा त्याचा जीव की प्राण. ईझलपाशी उभ्या असलेल्या मंदाताईंनी नवऱ्याकडे नुसतं बघितलं. मास्तरांनी हात खाली घेतला, कोट सारखा केला आणि ओठ घट्ट मिटले. मी कॅमेरा सुरू केला आणि मनात म्हणाले, जमलं.

काही जमलं नव्हतं. पण ते कळायला मला पुढच्या दोन सकाळी लागल्या.

या गोष्टीला आता बरीच वर्षं झाली. मी तेव्हा अठ्ठावीस वर्षांची होते, पुण्याहून आले होते आणि माहितीपट म्हणजे काय हे जगात फक्त मलाच कळलंय अशी माझी खात्री होती. एका कलासंस्थेनं मला छोटासा माहितीपट करायला दिला होता. कोल्हापुरातले तीन चित्रकार, आपापल्या स्टुडिओत काम करताना. माझी अट एकच, आणि ती मीच मला घातलेली. फिल्ममध्ये कुणी बोलणार नाही. निवेदन नाही, मुलाखत नाही, संगीत नाही. फक्त हात, रंग आणि ब्रशचा आवाज. ही कल्पना मला इतकी आवडली होती की भेटेल त्याला मी ती सांगत सुटले होते. न बोलण्याच्या फिल्मबद्दल आपण किती बोलतोय, हे माझ्या ध्यानातही येत नव्हतं.

पहिले दोघे चित्रकार माझ्यासाठीच घडवल्यासारखे निघाले. एक निसर्गचित्रं काढणारे गृहस्थ होते, ते मुळातच कुणाशी बोलत नसत. दुसरे देवळांच्या भिंती रंगवायचे आणि त्यांच्या दातात कायम एक जास्तीचा ब्रश धरलेला असायचा, त्यामुळे प्रश्नच मिटला. दोघांचंही चित्रीकरण लोण्यासारखं झालं.

तिसऱ्या मंदाताई. मंदाकिनी सरनाईक. पासष्टीच्या पुढच्या, उंच, अंगावर रंगाचे डाग पडलेला नवऱ्याचा जुना शर्ट साडीवरून घातलेला. व्यक्तिचित्रांत त्यांचा हात धरणारं तेव्हा गावात कुणी नव्हतं. शाळांचे संस्थापक, बँकांचे चेअरमन आणि मुख्य म्हणजे लोकांच्या घरातली गेलेली माणसं, फोटोवरून. "अर्ध्या कोल्हापूरचे आजोबा मी रंगवलेत," असं त्या सांगायच्या. तिकडच्या पुष्कळ बायकांसारख्या त्याही 'मी जातो, मी करतो' असंच बोलायच्या. पहिले दोन दिवस मला ते गमतीचं वाटलं, नंतर कानाला तेच बरोबर वाटायला लागलं.

मंगळवार पेठेत त्यांचं घर होतं. खाली पिठाची गिरणी, मधल्या मजल्यावर संसार आणि वर पत्र्याखाली स्टुडिओ, उत्तरेला भलीमोठी खिडकी असलेला. प्रभंजनने गिरणीवाल्याला गळ घालून सकाळचे दोन तास गिरणी बंद ठेवायला लावली होती. त्यामुळे डबे घेऊन परत जाणाऱ्या बायका आमच्या नावानं बोटं मोडत होत्या.

आमचं ठरलं होतं की त्यांनी नेहमीसारखं कुणाचंतरी चित्र काढावं आणि मी ते टिपावं. कुणाचं, ते त्यांनी ठरवायचं. आदल्या दिवशी मी विचारलं तर म्हणाल्या, "ह्यांचं."

"मास्तरांचं?"

"चाळीस वर्षं झाली लग्नाला. सगळ्या गावाला रंगवलं, घरातल्या माणसाचं एक चित्र न्हाई माझ्याकडं. बसतच न्हाईत. पाच मिनिटं झाली की उठतात. आता सिनेमा हाय म्हणून तयार झालेत. माझ्यासाठी न्हवं, तुझ्यासाठी बसायलेत."

जयसिंगराव सरनाईक एका मुलींच्या शाळेत भूगोल शिकवून निवृत्त झालेले. सगळी पेठ त्यांना मास्तर म्हणे. त्यांच्याशी पाच मिनिटं बोलायला गेलेलं माणूस जेवायच्या वेळेला घरी पोचायचं, आणि जाताना कृष्णा खोऱ्यातल्या पर्जन्यमानाची माहिती घेऊन जायचं.

"पण आत्ताच का?" मी मंदाताईंना विचारलं होतं.

त्यांनी चष्मा काढून पुसला. "दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू हाय. उजव्याचं ऑपरेशन शुक्रवारी. ते झालं की रंग बदलतात म्हणे. आमच्या जुन्या चित्रकारांकडून ऐकलंय मी. त्याच्या आत ह्यांचं चित्र व्हायला पाहिजे."

"उलट नंतर जास्त स्पष्ट दिसेल की तुम्हाला."

"स्पष्ट कुणाला पाहिजे?" त्या म्हणाल्या आणि चहा टाकायला खाली गेल्या.

तर मंगळवार, बुधवार आणि गुरुवार एवढ्या तीनच सकाळी हातात होत्या.

पहिली सकाळ माझ्या आयुष्यातली सर्वांत सुंदर चित्रीकरणाची सकाळ होती, असं मला त्या वेळी वाटलं. मंदाताईंनी कॅनव्हासवर पातळ तपकिरी रंग फिरवला, मग चिंधीनं उजेडाच्या जागा पुसून काढल्या. बघता बघता धुक्यातून कुणीतरी यावं तसं कपाळ आलं, नाक आलं, मिशी आली. ब्रश कॅनव्हासवर घासला की प्रभंजनच्या चेहऱ्यावर समाधान दिसायचं. मास्तर दगडासारखे बसून होते. एकदा माशी नाकावर बसली तरी हलले नाहीत. मी भिंगातून बघत होते आणि मनातल्या मनात पुरस्कार स्वीकारत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी वर गेले तर कॅनव्हास कोरा. कोरा म्हणजे घासून काढलेला, नुसता मळकट तपकिरी.

"मंदाताई, काय झालं हे?"

"सुरीनं काढून टाकलं रात्री."

"अहो, पण किती छान जमलं होतं. मिशी, कपाळ, सगळं."

"जमलं होतं की. पण हे न्हवते ते."

मला समजलं नाही. मला खरं सांगायचं तर थोडा रागही आला, कारण आदल्या दिवशीचे शॉट आता कुठे जोडायचे हा माझा प्रश्न होता. पण दिसायला त्या इतक्या शांत होत्या की मी तो गिळून कॅमेरा लावायला घेतला. मास्तर येऊन खुर्चीत बसले. गिरणी बंद झाली. पुन्हा तेच. पुन्हा कपाळ, नाक, मिशी. या वेळी मी ब्रशकडे बघायचं सोडून मंदाताईंच्या चेहऱ्याकडे बघत होते. त्या डोळे बारीक करून मास्तरांकडे बघायच्या, मग कॅनव्हासकडे, मग पुन्हा मास्तरांकडे, आणि दर वेळी त्यांच्या भुवया आणखी जवळ यायच्या. तासाभरानं त्यांनी ब्रश बाजूला ठेवला आणि चार पावलं मागं येऊन उभ्या राहिल्या.

"आता हार घालायचा तेवढा राहिलाय," त्या म्हणाल्या.

प्रभंजनने हेडफोन काढले. मी कॅमेरा बंद केला आणि चित्राकडे बघितलं. त्या म्हणत होत्या ते खरं होतं. चेहरा हुबेहूब मास्तरांचा होता, पण भिंतीवर लावून खाली उदबत्ती लावावी असा. गेलेल्या माणसाचा.

"मी हललो न्हाई हां," मास्तर खुर्चीतून म्हणाले. "ह्या वेळेला माझी काय चूक न्हाई."

"तुम्ही काय केलं न्हाई ओ. बसा. चहा आणतो."

चहा आला, सोबत भडंग आली. कॅमेरा बंद आहे याची खात्री करून मास्तरांनी बांध फोडला. दोन दिवसांचं साचलेलं होतं. गिरणीवाल्याची सून कशी नगरसेवक व्हायला निघालीय, पुण्याच्या लोकांना भडंग आणि चिवड्यातला फरक का कळत नाही, प्रभंजनच्या नागपुरात उन्हाळ्यात पारा किती चढतो आणि का. त्यांचे हात हलत होते, भुवया चढत होत्या, मिशी तर वेगळीच नाचत होती. प्रभंजनसुद्धा हसला, आणि ते मी प्रथमच बघत होते. माझं लक्ष मंदाताईंकडे गेलं. त्यांच्या हातातला कप तोंडापर्यंत येऊन थांबला होता आणि त्या नवऱ्याकडे बघत होत्या.

"हे," त्या हळूच म्हणाल्या. "असं पाहिजे."

"मग काढ की तसं," मास्तर म्हणाले. "मी काय पळून जातोय?"

आम्ही पुन्हा जागेवर गेलो. मी कॅमेरा सुरू केला. मास्तरांनी कोट सारखा केला, आणि माझ्या डोळ्यांदेखत त्यांच्या चेहऱ्यावरचं सगळं पुसलं गेलं, फळ्यावरचं पुसावं तसं. मंदाताईंनी ब्रश रंगात बुडवला, तसाच धरला आणि परत ठेवला. त्या दिवशी त्यांनी पुढे कामच केलं नाही. आम्ही निघालो तेव्हा त्या कॅनव्हास घासत बसल्या होत्या. आमच्याकडे बघून हसल्या, पण ते हसू आमची समजूत घालायचं होतं.

मास्तर आम्हाला सोडायला कोपऱ्यापर्यंत आले. एरवी एवढ्या अंतरात त्यांनी एखादं खोरं पार केलं असतं. त्या दिवशी मुकाट्यानं चालत होते.

"अवंतीबाई," शेवटी ते म्हणाले, "मी कुठं चुकतोय काय? तुम्ही बघताय कॅमेऱ्यातनं. सांगा."

"चुकत नाही मास्तर. पण एक विचारू? इतकी वर्षं तुम्ही का बसला नाहीत त्यांच्यापुढे?"

ते एका बंद दुकानाच्या पायरीपाशी थांबले. "ती चित्र काढाय लागली की तिची नजर बदलती. तुम्ही बघितलीय न्हवं? समोरचा माणूस म्हणजे नुसता उजेड न् सावली. चेअरमनकडं बघू दे की तसं, माझं काय जातंय? पण माझ्याकडं तसं बघाय लागली की मला परक्याच्या घरात येऊन बसल्यागत वाटतंय. म्हणून मी कायतरी बोलायचो. बोललं की ती चिडायची, आणि चिडली की माझ्याकडं आपल्यासारखं बघायची. मग चित्र राहायचं बाजूला."

"हे त्यांना सांगितलंत कधी?"

"हे काय सांगायची गोष्ट हाय?" मास्तर म्हणाले आणि पाठ फिरवून घराकडे चालू लागले.

मी तिथंच उभी राहिले. मला फार वाईट वाटलं. बायकोच्या त्या नजरेपुढे त्या माणसाकडे एकच हत्यार होतं, आणि ते मी माझ्या फिल्मसाठी काढून घेतलं होतं. वर दोन दिवस मी त्याला शांतता म्हणून मिरवत होते. मंदाताईंना हे कळलं नसेल असं नाही. पण मी पाहुणी होते, माझं काम होतं, आणि माझ्या कामात त्यांनी कशाला ढवळाढवळ करावी, असा त्यांचा विचार असणार.

"उद्या बोलू द्यायचं त्यांना," मी प्रभंजनला म्हणाले.

त्यानं खांद्यावरची पिशवी सारखी केली. मग म्हणाला, "आधीचे दोघं गप्प आहेत. तिसऱ्यात अचानक बडबड. फिल्म मोडेल."

"माहीत आहे."

"तुझी फिल्म आहे," तो म्हणाला. रात्री जेवताना मात्र त्यानं आपणहून सांगितलं, की एक जास्तीचा माइक त्याच्याकडे आहे, तो खुर्चीच्या पाठीला लावता येईल.

गुरुवारी गिरणी सुरूच होती. गिरणीवाल्यानं हात जोडून सांगितलं, आता सहन होत नाही, बायका दारात येऊन भांडतायत. मला वाटलं प्रभंजन आकाशपाताळ एक करील, पण तो म्हणाला, "चालू दे." पायाखालची फरशी बारीक थरथरत होती. खिडकीतून पीठ भाजल्यासारखा वास वर येत होता.

"मास्तर," मी म्हणाले, "आज तुम्ही बोला. काय पाहिजे ते बोला."

मंदाताईंनी चमकून माझ्याकडे बघितलं. "अगं, पण तुझ्या फिल्मचं?"

"फिल्मचं मी बघते. तुम्ही चित्राचं बघा."

त्यांनी पॅलेटवर रंग काढायला घेतले. हात जरा घाईत होते. मी कॅमेरा त्यांच्या हातांवर लावून ठेवला, सुरू केला आणि मास्तरांकडे वळले. "हं. बोला."

"काय बोलू?" मास्तर म्हणाले.

सगळ्या कोल्हापुराला ज्यांची भीती वाटायची, ते मास्तर काय बोलू म्हणत होते. दोन दिवसांत मी त्यांना इतकं चांगलं शिकवलं होतं. मी म्हणाले, यंदा थंडी कमी आहे नाही? ते म्हणाले, होय, कमी आहे. मी शाळेच्या आठवणी विचारल्या. त्यांनी कॅमेऱ्याकडे बघत, मुलाखत दिल्यासारखं सांगितलं की सेवेत असताना सर्व सहकाऱ्यांनी उत्तम सहकार्य केलं. मी नगरसेवक होऊ घातलेल्या सुनेचा विषय काढला. ते म्हणाले, चांगली बाई आहे. मंदाताईंचा ब्रश हवेत होता. खाली गिरणी घरघरत होती आणि वर आम्ही चौघंजण कुणाच्यातरी तेराव्याला जमल्यासारखे बसलो होतो.

"राहू दे, अवंती," शेवटी मंदाताई म्हणाल्या. त्यांनी ब्रश टर्पेंटाइनच्या डब्यात सोडला. "ह्यांना उगंच त्रास. न्हाई तर न्हाई. माझ्या डोळ्यासमोर हायत की, चित्र कशाला पाहिजे?"

चिंधीनं त्या हात पुसायला लागल्या, एकेक बोट, सावकाश. मला त्यांच्याकडे बघवेना. अशा वेळी माझं एक होतं, अवघडले की तोंडाला येईल ते बोलायचे. मी खिडकीपाशी गेले आणि बाहेर बघत म्हणाले, "आम्ही संध्याकाळी पंचगंगेवर जाऊन येतो मग. घाटाचे दोन शॉट घेते. एवढी महाबळेश्वरपासून येते नदी, निदान बघून तरी जावं."

मागं खुर्ची करकरली.

"कुठनं येती?" मास्तरांनी विचारलं.

"महाबळेश्वरहून."

"कोण म्हणालं?"

"पंचगंगेचं देऊळ आहे ना तिथं. मी बघितलंय, शाळेच्या सहलीत. पाच नद्या निघतात."

आई शप्पथ, मी हे मुद्दाम केलं नव्हतं. मला खरंच तसं वाटत होतं.

मास्तर अर्धे उठले आणि परत बसले. त्यांनी आधी प्रभंजनकडे बघितलं, याला तरी माहीत आहे का म्हणून, आणि त्याचा चेहरा बघून त्यांची निराशा झाली. "अहो बाई, ते देऊळ कृष्णेचं, कोयनेचं. आमच्या पंचगंगेचा काय संबंध? आँ? कोण होतं तुम्हाला भूगोलाला? नाव सांगा त्यांचं. आमची नदी इथली हाय. कासारी, कुंभी, तुळशी, भोगावती. चिखलीला प्रयाग हाय, तिथं सगळ्या एक होतात. इथनं सायकलनं जावं एवढ्यावर. तुम्ही दहा दिवस तिचं पाणी प्यायलाय आणि ती महाबळेश्वरची?"

"पण मास्तर, या तर चारच झाल्या," मी म्हणाले. "पाचवी?"

"पाचवी सरस्वती. गुप्त हाय."

"गुप्त," मंदाताई म्हणाल्या. त्यांचा आवाज एकदम वेगळा होता. "सांगा की मग तिला. कशी गुप्त हाय ते सांगा."

"आता ते कशाला?"

"न्हाई, सांगा. पुण्याची पोरगी हाय, तिला कळू दे कोल्हापूरचे भूगोलाचे मास्तर काय शिकवायचे." त्या माझ्याकडे वळल्या, पण त्यांचा हात डब्याकडे गेला होता आणि डब्यातून ब्रश निघाला होता. "लग्नाला आठ दिवस झाले होते. मला घेऊन गेले प्रयागला. नवी साडी, हातभर चुडा. म्हटले, पाचवी नदी जमिनीच्या आत हाय, कान लावला तर ऐकू येती. मी गेलो नदीच्या कडंला, न् चिखलात आडवं होऊन कान लावला."

"तुला ऐकू आलं म्हणालीस की तू," मास्तर म्हणाले.

"तुम्ही ऐकू येतंय काय म्हणून चारदा विचारलासा. मी काय म्हणणार? नवीन नवरी."

"म्हणजे आलं न्हवतं?"

"चाळीस वर्षं झाली, अजून विचारतायत. अवंती, हे मागं उभं राहून पोट धरून हसत होते. माझ्या कानात चिखल, साडीला चिखल, आणि घरात सासूबाई विचारायल्या पडलीस कुठं म्हणून."

"मी हसलो न्हाई."

"हसला."

"मी नदीकडं बघत होतो. पाण्याची पातळी बघत होतो."

मी खिडकीपाशीच उभी होते. मास्तर कधी मला पटवून देत होते, कधी बायकोला खोडून काढत होते. भुवया चढलेल्या, ओठ पुढच्या वाक्यासाठी उघडलेले आणि डोळ्यांत चाळीस वर्षं लपवून ठेवलेलं ते हसू, आत्ता फुटेल की मग फुटेल असं. मंदाताई भांडत होत्या, पण हात थांबत नव्हता. त्या डोळे बारीक करत नव्हत्या. उजेड बघत नव्हत्या, सावली बघत नव्हत्या. त्या आपल्या नवऱ्याकडे रागानं बघत होत्या आणि हात आपला आपण काम करत होता. प्रभंजन कोपऱ्यात मान खाली घालून बसला होता. त्याच्या यंत्राचा काटा नाचत होता आणि त्यात गिरणीही होती, भांडणही होतं आणि ब्रशही.

किती वेळ गेला मला माहीत नाही. नदीवरून विषय सासूबाईंवर गेला, तिथून लग्नातल्या जेवणावर, तिथून परत नदीवर. गिरणी बंद झाली आणि त्या अचानक शांततेत मंदाताईंनी ब्रश खाली ठेवला.

"झालं," त्या म्हणाल्या.

मास्तर उठून आले. आम्ही तिघं मंदाताईंच्या मागं उभे राहिलो. चित्रातला माणूस काहीतरी बोलायला निघाला होता आणि ते खोटं होतं आणि त्याला ते माहीत होतं. मास्तरांनी बराच वेळ बघितलं.

"मी असा दिसतोय?" त्यांनी विचारलं.

"तर," मंदाताई म्हणाल्या.

त्यांनी चित्रावर सही केली नाही. रंग वाळल्याशिवाय सही करायची नाही ही त्यांची पद्धत होती. त्यामुळे दोन आठवड्यांनी, ऑपरेशन होऊन गेल्यावर, मी तेवढ्या सहीच्या शॉटसाठी परत कोल्हापूरला गेले. माझी न बोलण्याची फिल्म तोवर मोडून झाली होती आणि मला तिचं मुळीच दुःख नव्हतं. पहिले दोघं शांत, आणि मग मंदाताईंचे हात आणि त्यावर ते भांडण. लोकांना आजही त्यातलं तेवढंच आठवतं.

मंदाताई काळा चष्मा लावून बसल्या होत्या आणि मजेत होत्या.

"पट्टी काढली तर समोर एक पांढराफेक म्हातारा," त्या सांगत होत्या. "मी डॉक्टरांना म्हटलं, आमचे हे कुठं गेले?"

"नर्ससमोर म्हणाली," मास्तर म्हणाले. "दवाखाना हसला सगळा."

"मग काय करू? मिशी एवढी पांढरी, गालावर डाग, डोळ्याखाली पिशव्या. मला कुणी सांगितलंच न्हाई. आणि सगळं निळं. पत्रा निळा, पातेली निळी. हे पण जरा निळेच."

त्यांनी चष्मा काढून ठेवला आणि मास्तरांना चित्राशेजारी उभं केलं. मी कॅमेरा लावला. मंदाताईंनी आधी डावा डोळा मिटून बघितलं, मग उजवा. पुन्हा पहिला. मीही बघत होते, आणि तेव्हा कुठे माझ्या ध्यानात आलं की चित्रातले मास्तर शेजारी उभ्या असलेल्या मास्तरांपेक्षा दहा वर्षांनी तरी तरुण होते. मिशीत काळं होतं, कातडीवर हळदीच्या अंगाचा उजेड होता, गालावर डाग नव्हता. भांडणाच्या नादात आम्हा कुणालाच ते दिसलं नव्हतं.

"दुरुस्त करणार?" मी विचारलं.

"काय दुरुस्त करायचं त्यात?" त्यांनी बारीक ब्रश घेतला आणि खाली कोपऱ्यात सही केली. हात स्थिर होता.

"आणि दुसऱ्या डोळ्याची तारीख कधी आहे?"

"डॉक्टर म्हणतायत पुढच्या महिन्यात," मास्तर म्हणाले. "ही नको म्हणतीय. मी सांगून दमलो. आता तुम्ही सांगा."

"का हो, मंदाताई? एवढं छान झालंय."

त्या ब्रश धूत होत्या. डब्यातून वर न बघताच बोलल्या. "उजव्या डोळ्यानं चित्रं काढतो की. चांगला झालाय, तक्रार न्हाई. डावा ह्यांच्यासाठी ठेवलाय."

मास्तर माझ्याकडे बघायला लागले, मग खिडकीकडे. त्यांनी मिशीवरून हात फिरवला, ती जिथं पांढरी होती तिथून.

"मग त्याच डोळ्यानं बघत जा की," ते म्हणाले.

"बघतोय न्हवं," मंदाताई म्हणाल्या आणि त्यांनी उजवा डोळा मिटून घेतला.